तंत्रस्नेही शिक्षक: वर्ग सोडून पूर्णवेळ हेच काम घ्यावं का?

मेघना_विक्रोळी

नमस्कार मंडळी. इथे बरीच वर्षं वाचनमात्र आहे, धागा पहिल्यांदाच काढतेय. सल्ला हवाय, आणि तो शिक्षक, पालक, माजी विद्यार्थी अशा सगळ्यांकडून हवाय.

मी मुंबईतल्या एका अनुदानित मराठी शाळेत आठवी ते दहावीला गणित शिकवते. कुणाचा प्रोजेक्टर अडला, कुणाला ऑनलाइन माहिती भरायची असली की "मेघनाला बोलवा" असं सुरू झालं आणि बघता बघता मी शाळेची 'तंत्रस्नेही शिक्षक' झाले. आता संस्थेने विचारलंय, की जूनपासून तासिका बंद कर आणि आपल्या सगळ्या शाळांची तंत्रज्ञान समन्वयक हो. प्रत्येक वर्गात टचस्क्रीन पॅनेल बसणार आहे. ते वापरायला शिक्षकांना शिकवायचं, धड्यांचं साहित्य तयार करून घ्यायचं, दुरुस्त्यांचा पाठपुरावा करायचा. पगार आताच्यापेक्षा बरा.

ओढ का वाटते ते सांगते. दहावीला वर्तुळातले कोन शिकवत होते. जिओजेब्रा या भूमितीच्या सॉफ्टवेअरवर वर्तुळ काढलं, कंसाची दोन टोकं पक्की केली आणि तिसरा बिंदू वर्तुळावरून फिरवत राहिले. आंतरलिखित कोन ५० अंश, बिंदू कुठेही नेला तरी ५०. मुलं बघत होती, मान डोलावत होती. मागच्या बाकावरचा एक मुलगा, जो एरवी गणिताच्या तासाला हजेरीपुरताच बोलतो, तो म्हणाला, "बाई, त्याला पलीकडच्या बाजूला घेऊन जा ना." मी बिंदू टोक ओलांडून दुसऱ्या कंसावर नेला. कोन एकदम १३०. वर्गात दोन क्षण शांतता आणि मग त्याच मुलाचं, "म्हणजे दोन्ही मिळून १८०!" चक्रीय चौकोनाचं प्रमेय पुस्तकात पुढे होतं, पोरं चालत चालत तिथे पोचली होती. फळ्यावर मी ही आकृती वर्षानुवर्षं काढत आलेय, पण फळ्यावरचा बिंदू हलत नाही.

असं प्रत्येक शाळेत, प्रत्येक वर्गात व्हावं असं मनापासून वाटतं. पण समन्वयक झाल्यावर मी त्या वर्गात असणारच नाही. या वाटेवर पुढे काय आहे? कुणी चालून गेलंय का?

बोरिवली_फास्ट

पहिल्याच धाग्यात काय सुंदर लिहिलंत! आमच्याकडे प्रोजेक्टरची केबल शिपाईमामांच्या कपाटात असते, त्यामुळे शाळेतले पहिले तंत्रस्नेही तेच. हे प्रेमाने म्हणतेय. मामा रजेवर असले की सगळी शाळा खडू-फळ्यावर येते. मोठ्या प्रतिसादांची वाट बघतेय.

केबलवाला_दादर

मी शाळांमध्ये पॅनेल, प्रोजेक्टर बसवायचं काम करतो. दुसऱ्या बाजूने सांगतो.

मेघनाताई, बसवताना सगळे असतात. नारळ फुटतो, फोटो होतात. नंतर सहा महिन्यांनी मी सर्व्हिसला जातो तेव्हा कुठल्या वर्गातलं यंत्र चालू आहे ते दारातूनच कळतं. ज्या वर्गात एखादी बाई किंवा सर स्वतः त्याला हात लावतात तिथलं चालू असतं, आणि बिघडलं तर त्याच दिवशी फोन येतो. बाकीच्या वर्गांत यंत्र खराब नसतंच. पेन हरवलेलं असतं, नाहीतर पासवर्ड कुणालाच आठवत नाही. माझ्या धंद्यात मशीन मरतं कमी, अनाथ जास्त होतं. म्हणून शाळांना तुमच्यासारखं माणूस पाहिजेच.

गिरणगावची_बाई

मेघना, मी तुझ्या वाटेवरून बरीच पुढपर्यंत जाऊन आले आहे, म्हणून सविस्तर लिहिते. एकेरी लिहिते, राग मानू नकोस. तुझ्या वयाच्या मुली मी वर्गात शिकवल्या आहेत.

मी शाळेत लागले तेव्हा गिरण्यांचा संप होऊन काही वर्षं झाली होती. १९८२ चा तो संप मोडला, आणि आमच्या वर्गातल्या निम्म्या घरांत वडिलांच्या हाताला काम नव्हतं. त्याच सुमारास, १९८४-८५ साली, केंद्र सरकारचा 'क्लास' नावाचा प्रकल्प आला. शाळाशाळांत संगणक नेण्याचा देशातला तो पहिला मोठा प्रयत्न. ब्रिटनमधल्या शाळांत वापरली जाणारी बीबीसी मायक्रो नावाची यंत्रं त्यासाठी निवडली होती. मेमरी ३२ किलोबाइट. आज सकाळी उठल्यावर मोबाइलवर येणारा गुलाबाच्या फुलाचा एक फोटोसुद्धा तिच्यात मावणार नाही.

आमच्याकडे ती आली तेव्हा खोलीला पडदे लागले, चपला बाहेर काढायच्या अशी पाटी लागली. मुलं खोलीत शिरताना देवळात शिरावं तशी शिरायची. मला ते आवडायचं नाही. यंत्राला घाबरलेलं मूल त्याला प्रश्न विचारत नाही. मी चपलांची पाटी काढायला लावली, मुख्याध्यापकांशी त्यावरून वाद घातला. धूळ झाडायचं काम मुलांनी वाटून घेतलं आणि एकही यंत्र धुळीने बंद पडलं नाही.

पालक येऊन विचारायचे, "बाई, ह्याने नोकरी लागेल काय?" तो प्रश्न खरा होता. गिरणी गेली, आता पोराचं काय, हे त्यांना भेडसावत होतं. मी नोकरीचं वचन कधी दिलं नाही. म्हणायचे, तुमच्या पोराला विचार करायला आवडायला लागलंय, ते बघायला एकदा खोलीत येऊन बसा. काहीजण खरंच येऊन बसायचे.

खरी मजा नंतर लोगो या मुलांसाठीच्या प्रोग्रामिंग भाषेत आली. नव्वदच्या दशकात साधे पीसी आले तेव्हा. पडद्यावर कासव असतं, त्याला सांगायचं शंभर पावलं पुढे जा, नव्वद अंश उजवीकडे वळ. असं चारदा केलं की चौरस. मग मी म्हणायचे, आता समभुज त्रिकोण काढा. प्रत्येक तुकडीत, न चुकता, पहिला हात वर करणारं मूल म्हणायचं, "सोप्पंय, ६० अंश वळवायचं." वळवायचे. तीन बाजू काढून झाल्या तरी कासव घरी परत आलेलं नसायचं, आकृती उघडीच. "बाई, संगणक बिघडला." मी काही बोलायचे नाही. जमिनीवर खडूने रेघ काढायचे आणि एकाला सांगायचे, तू कासव हो, चाल. तो चालायचा, वळायचा, आणि वळताना त्याच्या लक्षात यायचं की आपण त्रिकोणाच्या आतला कोन वळत नाही, बाहेरचा वळतोय. १२०! बाह्यकोन ही गोष्ट त्या पोराच्या पायांना कळलेली असायची. आणि ६० वाल्या उघड्या आकृतीचं काय? कुणीतरी हट्टाने आणखी तीनदा तेच करायचं आणि षट्कोन पूर्ण व्हायचा.

पुढचं उद्या लिहिते, डोळे दमले. तुझ्या प्रश्नावर मला ठाम काही सांगायचंय, ते राहिलंय.

बोरिवली_फास्ट

दंडवत बाई! मी आत्ता स्वयंपाकघरात फरशीवर साठ अंश वळून बघितलं. खरंच घरी पोचत नाही. मुलगी विचारतेय आई काय करतेयस.

पालक_चेंबूर

लिहिताय ते वाचून भारावायला होतं, पण मी आई म्हणून वेगळं बोलणार आहे.

माझा मुलगा सहावीत. शाळेत पॅनेल, घरी अभ्यासाचं अॅप, गृहपाठ व्हॉट्सअॅपवर. टाळेबंदीत डोळ्यांना चष्मा लागला. अक्षर इतकं बिघडलंय की स्वतःचंच त्याला वाचता येत नाही. त्याच्या वर्गात पॅनेलवर व्हिडिओ लावून देतात, व्हिडिओ संपला की धडा संपला. मेघनाताईंच्या वर्गात जे झालं ते मला फार हवंय. पण एका मेघनाताईंमागे दहा वर्गांत फक्त व्हिडिओ लागत असेल, तर आमच्यासारख्यांना खडू-फळाच बरा वाटणार. मुलांच्या हातात आधी पेन्सिल, माती, पुस्तक द्या.

आकडेमोड

पालक_चेंबूर यांच्या म्हणण्याला संशोधनाचा आधार आहे आणि मेघना यांच्या म्हणण्यालाही. दोन्ही मांडतो.

पेरू देशात 'एका मुलाला एक लॅपटॉप' हा कार्यक्रम मोठ्या प्रमाणावर राबवला गेला. ३१९ शाळांमध्ये त्याचा काटेकोर अभ्यास झाला. लॅपटॉप खरोखर पोचले, वापरलेही गेले, पण गणित आणि भाषेच्या गुणांत फरक पडला नाही. याच कार्यक्रमाचा भारतातला पहिला प्रयोग आपल्या शेजारी झाला होता, कर्जत तालुक्यातल्या खैराट गावच्या छोट्या शाळेत, २००७ साली.

आता दुसरी बाजू. २००० साली गुजरात सरकारने वडोदऱ्यातल्या शंभर महापालिका शाळांना प्रत्येकी चार संगणक दिले. दोन वर्षांनी पाहिलं तर फारच थोडे वापरात होते. मग 'प्रथम' या संस्थेने तिथे चौथीच्या मुलांसाठी साधा कार्यक्रम आखला: आठवड्यातून दोन तास, एका संगणकावर दोन मुलं, मुलाच्या तयारीप्रमाणे अवघड होत जाणारे गणिताचे खेळ, आणि सोबत एक माणूस. अभिजित बॅनर्जी, एस्थर डफ्लो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याची मोजणी केली. गणितात भरीव सुधारणा दिसली. कार्यक्रम थांबल्यावर वर्षभरात तिचा बराचसा भाग ओसरलाही, हेही त्याच अभ्यासात आहे.

आणि मुंबईकरांसाठी खास: 'प्रथम' १९९५ मध्ये मुंबईतच सुरू झाली आणि त्याच अभ्यासाचा दुसरा अर्धा भाग मुंबई आणि वडोदऱ्यातला आहे. बालसखी! वस्तीतलीच शिकलेली तरुण मुलगी मागे पडलेल्या मुलांना घेऊन रोज दोन तास बसायची. यंत्र नाही, काही नाही. तिच्यामुळेही गुण वाढले.

मला यातून एवढंच दिसतं, की मूल नेमकं कुठे अडलंय हे बघून तिथून पुढे नेणारी व्यवस्था लागते. यंत्र त्यात कामाला येतं, पण नुसतं पोचवलेलं यंत्र हे करत नाही.

मनपा_शिक्षक

मी महापालिकेच्या शाळेत आहे. आमच्याकडे आठ भाषांच्या माध्यमांच्या शाळा आहेत: मराठी, हिंदी, उर्दू, गुजराती, तामिळ, तेलुगू, कन्नड, इंग्रजी. तंत्रज्ञानावर बोलताना लोक यंत्राच्या किमतीबद्दल बोलतात, भाषेबद्दल कुणी बोलत नाही. चांगलं साहित्य इंग्रजीत असतं, मग हिंदीत. तेलुगू माध्यमाच्या सातवीसाठी विज्ञानाचा चांगला व्हिडिओ शोधून बघा. सहकारी बाई स्वतःच्या आवाजात मोबाइलवर रेकॉर्ड करतात.

२०१५ मध्ये आठवीच्या मुलांना टॅब मिळाले, दप्तराचं ओझं कमी व्हावं म्हणून. मी तेव्हा आठवीला शिकवत होतो. मुलांच्या चेहऱ्यावरचा आनंद मी विसरणार नाही. पण दहा बाय दहाच्या खोलीत सात माणसं आणि प्लगची एकच जागा. त्या प्लगवर आधी मिक्सर, मग बाबांचा फोन, मग ताईचा फोन. टॅबचा नंबर रात्री अकराला. म्हणून मी वर्गात एक्स्टेंशन बोर्ड टाकून मधल्या सुट्टीत चार्जिंग सुरू केलं. मुलं डबा खात खात टॅबवर एकमेकांना धडे वाचून दाखवायची. तंत्रज्ञान समन्वयक होणाऱ्याने मुलाच्या घरी प्लग किती आहेत हे आधी विचारावं असं माझं कळकळीचं सांगणं आहे.

लॅब_तळमजला

प्लगवरून आठवलं. आमची शाळा कुर्ल्याकडची. संगणक कक्ष तळमजल्यावर होता, कारण जड सामान वर कोण नेणार. २६ जुलै २००५! सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस झाला त्या दिवशी. दोन दिवसांनी कक्ष उघडला तेव्हा मॉनिटर टेबलावरून खाली येऊन दाराशी अडकले होते, कीबोर्डमध्ये चिखल. मुलांनी एकेक कळ काढून, धुऊन, उन्हात वाळत घातली. थोडे कीबोर्ड चालूही झाले. मग त्या सामानाचं निर्लेखन, म्हणजे निकामी म्हणून नोंदीतून काढणं, होईपर्यंत डेडस्टॉक रजिस्टरमध्ये (शाळेच्या सामानाच्या नोंदवहीत) ते जिवंतच होतं, त्यामुळे नवे मागता येईनात.

मेघनाताई, मुंबईत लॅब पहिल्या मजल्याच्या खाली नको. हे लेखी घ्या.

तासिका_सातवी

+१ तळमजल्याला. आणि १२ ऑक्टोबर २०२० पण लिहून ठेवा. सकाळी दहाच्या सुमारास अख्ख्या मुंबईची वीज गेली होती. मुंबईत वीज जात नाही म्हणून कुणाकडे तयारीच नव्हती. ऑनलाइन तास चालू असताना एकेक चौकोन विझत गेला. माझ्या फोनला वीस टक्के बॅटरी होती, उरलेल्या चार मुलांना कविता म्हणून दाखवली.

मूळ प्रश्नावर माझं मत: मेघना, घे हे काम. शाळेत चांगल्या शिक्षकाला वर जायला वाट कुठे आहे? ज्येष्ठतेने पर्यवेक्षक, मग मुख्याध्यापक, आणि ती दोन्ही कामं कागदांची. तुझ्यासारख्या बाईने नाही म्हटलं तर त्या खुर्चीत कोण बसेल? ज्याने दहावीचा एक तासही घेतला नाही असा कुणीतरी येऊन आम्हाला स्लाइड कशी बदलायची ते शिकवेल. अशी प्रशिक्षणं मी पुष्कळ केलीत. पॅनेल चालू-बंद करायला शिकवतात, अपूर्णांक त्यावर कसे शिकवायचे ते विचारलं की चहाची वेळ होते.

कंत्राटी_संगणक

मला इथे सावध करायचंय.

मी एका योजनेत कंत्राटावर संगणक शिक्षक होतो. 'बूट' तत्त्व म्हणतात: कंपनीने लॅब उभी करायची, पाच वर्षं चालवायची, मग शाळेच्या ताब्यात द्यायची. लॅब ताब्यात दिली जाते, शिक्षक नाही. पाच वर्षं मी त्या शाळेत मुलांना शिकवलं, शेवटच्या दिवशी चावी दिली आणि घरी आलो. शाळेतल्या कुणालाही त्या लॅबचं काम येत नव्हतं, कारण 'संगणकाचा तास संगणकवाला बघतो' असंच सगळे धरून चालले होते. पुढच्या वर्षी मुलांकडून कळलं, खोलीला कुलूप आहे.

मेघनाताई, तुमचं आताचं पद अनुदानित आहे. ते विषयाचं पद आहे, संचमान्यतेत (सरकारने शाळेला मंजूर केलेल्या पदांत) मोजलं जातं, पगार शालार्थ या सरकारी वेतनप्रणालीतून येतो. तासिका शून्य करून त्या पदावर ठेवता येणार नाही, म्हणजे संस्था तुम्हाला बहुतेक राजीनामा देऊन स्वतःच्या पगारपत्रकावर घेणार. 'पगार बरा' हे त्यामुळे. नोव्हेंबर २००५ च्या आधी लागला असाल तर जुनी पेन्शन, नंतर लागला असाल तर अंशदान पेन्शन योजना, काहीही असो, राजीनाम्याने त्याचं काय होतं हे आधी वेतन पथकात, म्हणजे शिक्षकांचे पगार काढणाऱ्या सरकारी कार्यालयात विचारा. भावनेच्या भरात सही करू नका.

मेघना_विक्रोळी

कंत्राटी_संगणक, तुमचे मनापासून आभार. राजीनाम्याचं मला कुणी सांगितलंच नव्हतं, आज विचारलं तेव्हा "हो, ते करावं लागेल" असं उत्तर मिळालं. तुमच्याशी जे झालं ते वाचून फार वाईट वाटलं. कुलूप लागलेल्या खोलीचं वाक्य डोक्यातून जात नाहीये.

बाई, तुमच्या उरलेल्या प्रतिसादाची वाट बघतेय.

परळचा_पोरगा

अवांतर. आमच्या शाळेत संगणकाचा तास म्हणजे वहीत कीबोर्डची आकृती काढून नावं द्यायची. आठवड्यातून एकदा लॅब, एका खुर्चीवर तीन जण, मधला टाइप करणार. मी कधी मधला नव्हतो. आज मी सॉफ्टवेअरमध्येच आहे, पण शाळेत एकदा तरी कासव चालवायला मिळालं असतं तर भूमिती आवडली असती असं वाटतं.

आणखी एक आठवण, मराठी फॉन्टची. सरांनी घरी टाइप केलेली प्रश्नपत्रिका शाळेच्या संगणकावर उघडली की सगळी चिन्हंच चिन्हं. फॉन्ट तिथे नसायचा. मग सर सीडी घेऊन घरी जायचे आणि फॉन्ट घेऊन यायचे. युनिकोड रुळलं तेव्हा मराठी शिक्षकांचं केवढं ओझं उतरलं, हे नव्या पिढीला सांगायला पाहिजे.

आकडेमोड

फॉन्टवरून धागा भरकटायच्या आत एक उपयोगाचं. मराठीत खरोखर चांगलं आणि फुकट काय आहे हे समन्वयकाने शिक्षकांना सांगायला हवं. जिओजेब्रा मराठीत चालतं. कोलोरॅडो विद्यापीठाची 'फेट' नावाची विज्ञानाची अनुकरणं आहेत, त्यातली पुष्कळशी मराठीत आहेत. विद्युतमंडलाचं तर अप्रतिम. आयआयटी मुंबईच्या 'स्पोकन ट्युटोरियल'मध्ये मराठीतून सॉफ्टवेअर शिकता येतं. आणि मानखुर्दला होमी भाभा विज्ञान शिक्षण केंद्र १९७४ पासून मुलं विज्ञान कसं शिकतात यावर काम करतंय. हार्बर लाइनवर आहे हो, जाऊन या.

तासिका_सातवी

आणि बालभारतीच्या पुस्तकातले क्यूआर कोड! मुलं फोन धरून घरी बघतात. रणजितसिंह डिसले सरांनी सोलापूर जिल्ह्यातल्या परितेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेत पुस्तकाला क्यूआर कोड चिकटवायला सुरुवात केली आणि पुढे ती गोष्ट राज्यभर गेली. २०२० चं जागतिक शिक्षक पारितोषिक त्यांना मिळालं आणि त्यातली अर्धी रक्कम त्यांनी अंतिम फेरीतल्या बाकीच्या नऊ शिक्षकांना वाटली. एका शिक्षकाचं काम राज्यभर पोचतं ते असं. म्हणून म्हणतेय, मेघनाने मोठ्या पदावर जावं.

गिरणगावची_बाई

तासिका_सातवी, तुम्ही दिलेलं उदाहरण माझ्याच बाजूचं आहे. तो क्यूआर कोड वर्गातल्या शिक्षकाला सुचला, कारण रोज समोर मुलं होती. कुठल्याही मुख्यालयात बसून तो सुचला नसता.

मेघना, आता माझं ठाम म्हणणं. मी तुझ्यासारखंच समन्वयकाचं काम पुढे बरीच वर्षं केलं, आमच्या संस्थेच्या शाळांसाठी. पण एक अट घातली होती, आठवीची भूमिती माझ्याकडे राहील. संस्थेला ते पटत नव्हतं. दुसऱ्या शाळेत जायला दिवस मोडतो, वेळापत्रक बसत नाही, अशी कारणं होती. मी हलले नाही. सकाळच्या पहिल्या दोन तासिका मी घेत राहिले आणि मग बाकीच्या शाळांकडे जायचे.

त्याचा उपयोग काय झाला ते सांगते. शिक्षकांसमोर उभी राहिले की कुणीतरी हमखास म्हणायचं, "तुम्हाला काय, पोर्शन संपवायचा नाहीये." मी म्हणू शकायचे, संपवायचा आहे, माझीही चाचणी पुढच्या आठवड्यात आहे. मग बोलणं खरं व्हायचं. पस्तीस मिनिटांच्या तासिकेत यंत्र सुरू व्हायला पाच मिनिटं लागत असतील तर ते वापरात राहणार नाही, हे मला कुठल्या अहवालातून कळलं नाही. माझीच पाच मिनिटं जात होती. म्हणून मी पहिली गोष्ट काय केली, तर प्रत्येक वर्गातल्या दोन मुलींना प्रार्थनेच्या आधी यंत्र लावून ठेवायला शिकवलं. मुलीच का? कारण मुलगे आपणहून यंत्राभोवती गोळा व्हायचे आणि मुली मागे उभ्या राहायच्या. एकदा चावी मुलींच्या हातात दिली की चित्र पालटलं. त्यातल्या एकीने पुढे स्वतःच्या हिमतीवर डिप्लोमा केला आणि आज ती रेल्वेच्या सिग्नल विभागात आहे.

एमएस-सीआयटी या संगणक साक्षरतेच्या परीक्षेच्या दिवसांत सगळ्या शिक्षकांना संगणक शिकणं भाग पडलं तेव्हाचंही सांगते. पन्नाशीच्या बायका माउस धरताना थरथरायच्या. त्यांना वर्ड आणि एक्सेल शिकवून काही होईना. मी त्यांना सांगितलं, तुमच्या वर्गाचा निकाल आणा. एक्सेलमध्ये गुण भरले, सरासरी एका क्षणात आली, आणि वर्षानुवर्षं रात्र जागून निकालपत्रकं जुळवणाऱ्या त्या बायकांनी टाळ्या वाजवल्या. स्वतःचं काम हलकं होतं हे दिसलं की माणूस शिकतो. तू पॅनेलचं प्रशिक्षण देशील तेव्हा हे लक्षात ठेव. पॅनेलच्या सोयी दाखवत बसू नकोस. सहावीच्या बाईंना विचार, मुलं कशात अडतात? त्या म्हणतील, छेद वेगळे असलेल्या अपूर्णांकांची बेरीज. मग तेवढंच पॅनेलवर करून दाखव.

निवृत्तीच्या आधीचं शेवटचं वर्ष टाळेबंदीत गेलं. घरात एकच फोन, तो घेऊन वडील कामावर. सकाळच्या ऑनलाइन तासाला वर्ग रिकामा. मी तास रात्री नऊला घ्यायला लागले, वडील घरी आल्यावर. पहिलीदुसरीच्या भावंडांसाठी सह्याद्री वाहिनीवर 'टिलीमिली' ही अभ्यासाची मालिका लागायची, तेवढा वेळ मोठ्या पोरांना फोन मिळायचा, तो हिशोबही आम्ही केला. आणि ज्यांच्याकडे फोनच नाही त्यांच्यासाठी किराणा दुकानात कार्यपत्रिका ठेवायचो, दुकानदार सामानाबरोबर द्यायचा. तंत्रज्ञान शिकवत मी आयुष्य काढलं, आणि त्या वर्षी माझ्या कितीतरी मुलांपर्यंत पोचलं ते दुकानदाराच्या हातातलं कागदाचं पान. याचा मला अभिमान आहे. मूल जिथे आहे तिथे पोचायचं, मग साधन कुठलंही असो.

पालक_चेंबूर, तुमची काळजी शंभर टक्के रास्त आहे. व्हिडिओ लावून शिक्षक खुर्चीत बसत असेल तर पॅनेल बंद केलेलं बरं. तुम्ही शाळेत जाऊन हेच विचारा, की पॅनेलपाशी मुलं कधी येतात? मुलाचा हात त्याला लागत नसेल तर तो नुसता टीव्ही आहे.

पालक_चेंबूर

बाई, हा प्रश्न पालकसभेत नक्की विचारणार आहे. किराणा दुकानाचं वाचून डोळ्यांत पाणी आलं.

तासिका_सातवी

मुलींच्या हातात चावी देण्याचं मी सोमवारपासून करतेय. बाई, तुमच्या अटीचं पटलं. पद घ्यावं पण वर्ग ठेवून घ्यावं, एवढी दुरुस्ती माझ्या मतात.

मेघना_विक्रोळी

सगळ्यांचे आभार. रविवारी बसून संस्थेला पत्र लिहिलं, त्यात तुम्ही सगळे आहात.

राजीनामा देणार नाही. अनुदानित पदावर राहून निम्म्या तासिका घेईन, दहावीची भूमिती माझ्याकडेच राहील. उरलेल्या वेळात समन्वयाचं काम, पण पहिल्या वर्षी सगळ्या शाळा नाहीत, जवळच्या दोनच. प्रत्येक शाळेतून एक भाषेचा, एक गणिताचा शिक्षक सोबत हवा, म्हणजे मी नसले तरी खोलीला कुलूप लागणार नाही. पॅनेल येण्याआधी प्रत्येक वर्गात मुलांच्या घरच्या फोन-प्लगची चौकशी. पगार वाढवला नाही तरी चालेल असं लिहिणार होते, पण नवऱ्याने ती ओळ खोडायला लावली.

उत्तर काय येतं माहीत नाही. नाही म्हणाले तर मी वर्गात आहेच.

कंत्राटी_संगणक

नवऱ्यांना माझा नमस्कार सांगा. ओळ खोडली ते उत्तम केलं. निम्म्या तासिकांचा बदल मुख्याध्यापकांच्या सहीने वेळापत्रकात नोंदवून घ्या, तोंडी नको.

केबलवाला_दादर

मेघनाताई, पत्रात वायरिंगचंही घाला. जुन्या इमारतींत एका मजल्यावर आठ पॅनेल आणि पंखे एकदम चालू झाले की एमसीबी (जास्त भार आला की वीज तोडणारा स्विच) पडतो आणि मग सगळे पॅनेलला शिव्या देतात. आधी वायरमनकडून लोड तपासून घ्या, अर्थिंग बघून घ्या, आणि पॅनेल खिडकीसमोरच्या भिंतीवर बसवू देऊ नका, दुपारी काही दिसत नाही. दादर-विक्रोळीत कुठेही असेल तर मी येऊन बघून देतो, पैसे नकोत.

गिरणगावची_बाई

केबलवाल्यांचं ऐक. आणि त्या दोन शाळांमध्ये पहिल्या दिवशी जाताना पॅनेलचं काही नेऊ नकोस, खडू घेऊन जा. जमिनीवर रेघ काढ आणि तिथल्या सरांनाच कासव कर.